केसांतल्या मुंग्या, हातांतल्या मुंग्या

८ ऑक्टोबर १९६१

“केस विंचरून घेताना असे डोळे मिटू नयेत, सुनंदा. बघणाऱ्याला बरं दिसत नाही.”

आई म्हणाली होती. मी नऊ वर्षांची असेन. मावशी वेणी घालत होती. फणीचं टोक भांगातून सरकलं की माझ्या कानांमागे गार मुंग्या उठायच्या, मानेवरून पाठीत उतरायच्या आणि सगळं अंग ढिलं पडायचं. आईनं ते माझ्या तोंडावर वाचलं असणार. तेव्हापासून डोळे उघडे ठेवून बसते.

आजही तशीच बसले होते. जेवणं आटोपली की पुष्पी फणी घेऊन माझ्या मागे बसते — रोज. पुष्पावती, गुंडूरावची, माझ्या धाकट्या भावाची मुलगी. एकोणीस संपलं. केसांतून हात फिरवत हळू आवाजात काहीबाही सांगते. कोपऱ्यावरच्या शेट्टीनं गूळ तोलताना काय केलं, कुणाची साडी कशी होती. मी समोरच्या कॅलेंडरावर नजर ठेवते आणि आत मुंग्यांची रांग चाललेली असते. त्रेचाळीस वर्षांची बाई! नवऱ्यानं टाकल्यापासून भावाच्या घरी आहे आणि सकाळपासून त्या अर्ध्या तासाची वाट बघते. कुणाला सांगावं असं नाही हे.

दुसऱ्या मुंग्या हातांतल्या. अंगठा आणि शेजारची दोन बोटं. पहाटे हात झटकतच उठते. इथे बेंगळूरच्या कॉटनपेटेतल्या आमच्या शिंपी-दुकानाच्या शर्टांची काजं आणि गुंड्या मी घरी बसून करते; हल्ली सुई बोटांत आहे की पडली ते कळत नाही. सहा महिने झाले. मनात एकच नाव येतं. महारोग — लिहिलं एकदाचं.

१२ ऑक्टोबर

सुई टोचली, कळली नाही. कॉलरवर रक्त दिसलं तेव्हा कळली. कॉलर मिठाच्या पाण्यात धुतली. अंबूनं, गुंडूरावच्या बायकोनं, विचारलं, “वन्सं, काय धुताय?” पानाचा डाग, म्हटलं. मी पान खात नाही हे तिला माहीत आहे.

१७ ऑक्टोबर, अष्टमी

हात अजून थरथरतोय. अक्षर बघा कसं!

अष्टमीच्या गोंधळाला घरच्या बाईनं देवीची परडी धरायची ही आमची रीत. पितळेची, जड, कवड्या आणि कुंकवानं भरलेली, मधे दिवा. दोन्ही तळव्यांवर, मनगटं मागे वाकवून, खांद्याइतकी उंच. गोंधळ्यांची पेटती पोत विझेपर्यंत खाली टेकवायची नाही. दरवर्षी अंबू धरते. ती काल बाजूला बसली, म्हणून विठोजी गोंधळी म्हणाले, घरची लेक आहे ना, तिला धरू द्या. टाकलेल्या बाईनं धरावी का, यावर मागे कुजबुज झाली. मी ऐकली.

गाणं लांबलं. हातांत मुंग्या आल्या — त्या रोजच्याच. पण संबळ कानाशी घुमत होतं, विठोजी अगदी हलक्या आवाजात देवीची नावं घेत होते आणि डोक्यातल्याही मुंग्या सुटल्या. दोन्ही एकदम! असं कधी झालं नव्हतं. परडी थरथरली, कवड्या वाजल्या. डोळे मिटले. आई, मिटले गं.

“आली!” कुणीतरी म्हणालं. “आई आली!”

डोळे उघडले तर गुंडूरावचं डोकं माझ्या पायांवर होतं.

१८ ऑक्टोबर

महारोग नाही. देवी आहे. दिवसभर हेच मनाशी घोकते आहे. सहा महिन्यांची भीती एका रात्रीत गेली.

सकाळची कॉफी अंबूनं पहिल्यांदा मला दिली. या घरात मी कधी पहिली प्यायले नव्हते.

२७ ऑक्टोबर

शुक्रवारी बसायचं असं गुंडूरावनं ठरवून टाकलं. पाट, रांगोळी, परडी. परडी धरली की थोड्या वेळात मुंग्या येतातच, हात हलतो, मग लोक विचारतात. भागुबाईची सून नांदेल का? मी म्हणते, नांदेल. कुणाचा खोकला जाईल का? जाईल. यात कुणाचं वाईट होतं?

पुष्पी एकटीच हसते. “आत्या, समोरचा मल्लाप्पा विचारतोय, तुझ्या देवीला कन्नड येतं का?”

स्वल्प येतं म्हणून सांग, म्हटलं. दोघी पोट धरून हसलो. मग मला हसल्याची भीती वाटली.

१४ नोव्हेंबर

देवळात जाते सांगून चामराजपेटेतल्या दवाखान्यात गेले. का गेले? देवी आहे म्हणतेस आणि दवाखान्यात जातेस! पण बोटं जास्त बधिर होत चालली होती.

डॉक्टरीणबाई माझ्याच वयाच्या. कातडीवर टाचणी लावून पाहिलं, कोपरामागची शीर चाचपली, पाठीवर चट्टे शोधले. महारोग नाही, म्हणाल्या. स्पष्ट. मग मनगटं मागे वाकवून धरायला लावली आणि स्वतः कागदावर काहीतरी लिहीत बसल्या. मी नुसती हवा धरून उभी. परडी नाही, दिवा नाही, संबळ नाही.

मुंग्या आल्या. बोटं थरथरली.

मनगटातून जाणाऱ्या शिरेला जागा पुरत नाही, त्या म्हणाल्या. वर्षानुवर्षं सुईकाम करणाऱ्या बायकांना या वयात होतं. हात असा वाकवून धरला की वाढतं. झोपताना लाकडी पट्टी बांधा, सुई कमी करा, आराम पडेल.

उठता उठता कसं कोण जाणे, केसांचंही विचारलं. मान वर न करता. त्या हसल्या, पण वाईट नाही. “मलाही येतात. माझी आजी हळू आवाजात जप करायची तेव्हा यायच्या. अंगाला बरं वाटल्याची खूण आहे ती. त्याला औषध नाही आणि लागतही नाही.”

नऊ वर्षांची असल्यापासून जे लपवलं ते एवढंच होतं! रस्त्यात रडू आलं. पुलाशी आले तेव्हा दुसरं ध्यानात आलं. गुंडूराव माझ्या मनगटाच्या पाया पडला होता.

१७ नोव्हेंबर

शुक्रवार. सांगायचं ठरवलं होतं. अंबूनं पाट मांडून रांगोळी काढून ठेवलेली. बसले.

२२ नोव्हेंबर

पुष्पीला बघायला बेळगावची मंडळी येऊन गेली. मुलगा बसवंत, शाळेत चित्रकला शिकवतो. कॉफी घेताना बशी कलंडली, सगळी धोतरावर. त्याची आई ओशाळली. तो खाली बघून म्हणाला, “नकाशा चांगला उमटलाय. हे बेळगाव आणि हे बेंगळूर.” पुष्पीनं पदर तोंडाला लावला.

दुपारी वेणी घालताना तिचं लक्ष नव्हतं. फणी एकाच बटेतून पुन्हा पुन्हा फिरत होती. मग म्हणाली, “आत्या, बेळगावात थंडी फार असते का गं?”

म्हणजे जाणार. मी कॅलेंडराकडे बघत राहिले. मुंग्या होत्या. आता किती दिवस?

२४ नोव्हेंबर

लिहिलंच पाहिजे. नाही लिहिलं तर उद्या मला वाटायला लागेल की मी केलं नाही.

गुंडूराव परडीपुढे बसला. आई, बेळगावची सोयरीक करू का? कौल दे. मुंग्या आल्या होत्या — मनगटातल्या, माझ्या. मला सगळं माहीत होतं. दार अर्धं उघडं होतं आणि दारामागे पुष्पीची साडी दिसत होती, निळी.

“नको,” मी म्हणाले. “लेक याच गावात राहू दे.”

आवाज जाड काढला. तोही मीच काढला.

निळी साडी दारातून नाहीशी झाली. गुंडूरावनं कपाळ टेकलं आणि म्हणाला, सरी, बरं, उद्याच बेळगावला कळवतो.

२५ नोव्हेंबर

डोळे सुजलेले, तरी पुष्पी फणी घेऊन आली. हात नेहमीसारखेच हलके. मला काहीच आलं नाही. ना कानामागे, ना मानेत. नुसते केस ओढले जात होते.

२६ नोव्हेंबर

आजही नाही.

१ डिसेंबर

गुंडूरावला सांगितलं. दुकानातून येऊन तो पाय धूत होता. सगळं सांगितलं — दवाखाना, मनगट, पट्टी. पट्टी आणून दाखवली. बेळगावचं देवी बोलली नाही, मी बोलले, असंही सांगितलं. का बोलले ते मात्र सांगवलं नाही.

त्यानं तांब्या खाली ठेवला. मग म्हणाला, “अक्का, देवी अंगात येऊन गेली की माणसाला आपणच बोललो असं वाटतं. विठोजींनी मला आधीच सांगून ठेवलंय. तू भिऊ नको.”

मी रडायला लागले तर त्यानं हात जोडले. रडण्यालाही!

अंबूनं पट्टी देव्हाऱ्यात नेऊन ठेवली आणि तिला कुंकू लावलं. झोपताना मागून घ्यावी लागली.

३ डिसेंबर

पुष्पीला सांगितलं. ती मागे होती म्हणून जमलं, समोर असती तर जमलं नसतं. आधी मनगटाचं सांगितलं. ते तिला बहुतेक ठाऊकच होतं. या देवीला ती पहिल्यापासून हसत आली आहे. मग म्हटलं, नको मी म्हणाले, मुद्दाम.

“का?”

केस, म्हटलं. तू विंचरतेस तेव्हा माझ्या डोक्यात मुंग्या येतात. लहानपणापासून येतात. या घरात मला दुसरं काही —

फणी थांबली होती. किती क्षुद्र वाटलं ते मोठ्यानं म्हटल्यावर! एका मुलीचा संसार आणि दुपारची वेणी.

तिनं वेणी अर्धी टाकली नाही. तिन्ही पेड नीट घातले, गाठ मारली, गळलेले केस गोळा करून त्यांची गुंडाळी केली. मग समोर येऊन उभी राहिली.

“शुक्रवारी पुन्हा बसा. खोटं बोलून मोडलंत, आता खोटं बोलूनच जोडा.”

आजवर मला तू म्हणायची.

मी म्हटलं, खरं सांगून जोडू. ती म्हणाली, खरं तुम्ही परवा अप्पांना सांगितलंत ना? काय झालं? पट्टीला कुंकू लागलं.

८ डिसेंबर

बसले. पट्टीमुळे हात पुष्कळ बरे आहेत, सुईही कमी केली आहे. परडी धरली. मनगटं होतील तेवढी मागे वाकवली. वाट पाहिली. काही येईना! हात दगडासारखे स्थिर. गुंडूराव डोळे मिटून बसलेला, दारामागे पुष्पी.

मग मी हात हलवले. स्वतः. कवड्या वाजेपर्यंत.

बेळगावचं करा, म्हणाले. मागे नको म्हटलं ती तुझी परीक्षा होती.

गुंडूराव रडला. आनंदानं. मला त्या पितळेखाली गाडून घ्यावंसं वाटलं.

२० डिसेंबर

बेळगावचं उत्तर आलं. बसवंतनं दुसरीकडे होकार दिलेला नव्हता. त्याच्या आईनं कळवलं आहे — देवीनं जोडलेलं आहे, आम्हाला मान्य.

तिला सांगितलं त्या दिवसापासून पुष्पी माझी वेणी घालत नाही. मी स्वतःच घालते. अंबूनं विचारलं तर पुष्पी म्हणाली, देवीच्या केसांना हात लावायची भीती वाटते. अंबूला ते पटलं. 

शुक्रवार बंद करावे म्हणून पुष्पीकडे विषय काढला. लग्न होईपर्यंत नाही, म्हणाली. देवी खोटी ठरली तर तिचा होकारही खोटा ठरेल. बरोबर आहे. म्हणून पाटावर बसते, लोक पाया पडतात आणि मी मोजत नाही किती.

१० फेब्रुवारी १९६२

आठ ग्रह एका राशीत आले ती अष्टग्रही सरली, जग बुडालं नाही. गुंडूराव म्हणतो, अक्काच्या पुण्याईनं. मी उठून चुलीपाशी गेले.

२५ फेब्रुवारी

लग्न लागलं. पुष्पीच्या सासूनं तिला सगळ्यांत आधी माझ्यापुढे आणलं — “देवीच्या पाया पड.” सगळे बघत होते. पुष्पी वाकली. तिचे हात माझ्या पायांपासून बोटभर अंतरावर थांबले आणि तिथूनच तिनं ते कपाळाला लावले. कुणाला दिसलं नाही.

उद्या दुपारी गाडी. सकाळी पाहुणे आंघोळीला जातील तेव्हा ती घटकाभर एकटी सापडेल. फणी कमरेला खोचून ठेवली आहे. विचारणार आहे — पुष्पे, जाताना एकदा विंचरून दे. मुंग्या आल्या नाहीत तरी चालेल. ती नाही म्हणेल.