लेनर्डच्या एकशे चौदा भूमिकांची वही

मी, क्लिफर्ड ऑर्मरॉड, वय सत्तावन्न, राहणार सॅल्फर्ड, टीव्ही स्टुडिओत दृश्यातल्या ताटल्या-खुर्च्या मांडणारा, पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही दडपणाशिवाय, स्वहस्ते हे लिहीत आहे. वकील लावलेला नाही. कायद्याचे पुस्तक दोनदा वाचले आहे. आधीची मृत्युपत्रे रद्द समजावीत.

१. घर बहीण एडना हिला. मागच्या दाराची कडी आधी वर उचलून मग ओढावी. तिच्या नवऱ्याने ती दुरुस्त करू नये.

२. हत्यारांची पेटी स्टुडिओतल्या सुतारांना. दिग्दर्शक थॉर्प यांना काहीही नाही. मालिकेच्या श्रेयनामावलीतून हमाल झालेला नट, माझा मित्र लेनर्ड अ‍ॅस्क्यू, याचे नाव गाळून ते म्हणाले होते, "हमालाचं नाव वाचतो कोण?" मी वाचतो.

३. लेनर्ड गेल्या वर्षी वारला. कॉन्स्टेबल, पाद्री, हमाल अशा त्याच्या एकशे चौदा छोट्या भूमिका मी वहीत नोंदल्या आहेत. जेवणाच्या दृश्यात शहाणे नट नुसता काटा फिरवतात. कारण एकदा घास घेतला की दृश्य पुन्हा चित्रित करताना दर खेपेला त्याच शब्दाला तेवढाच घास घ्यावा लागतो. लेनर्ड खरा जेवायचा. एकदा नायक वाक्य विसरत राहिला आणि लेनर्डने चौदा बटाटे खाल्ले.

"लेन, नुसतं तोंड हलव ना रे!"

"माझा माणूस सकाळपासून उपाशी आहे, क्लिफ. आण पुढचा."

पडद्यावर तो चार सेकंद दिसतो. भूक दिसते.

४. वही आणि चित्रफिती लेनर्डची मुलगी मॉरीन हिला. अंत्यविधीला ती म्हणाली होती, "बाबांनी जन्मभर दुसऱ्यांची दारं उघडली, क्लिफकाका. त्यात जपायचं काय?" म्हणून तिलाच साक्षीदार म्हणून बोलावले आहे. साक्षीदाराला कायद्याने वारसा मिळत नाही. हे कलम तिला वाचायला देईन. तरीही तिने साक्षीदार म्हणून सही केली, तर वही आणि चित्रफिती ग्रंथालयाला द्याव्यात.

५. (सही करण्यापूर्वी, दुपारी चार वाजता जोडले.) मॉरीन आली. कलम वाचले, मग वही उभ्यानेच वाचली. चहा निवला. शेवटी पेनाला टोपण लावून म्हणाली, "शेजारच्यांना हाक मारा, काका. मी नाही सही करत. आणि सत्त्याऐंशी नंबर चुकलाय तुमचा. बाबा त्यात कॉन्स्टेबल नव्हते, सार्जंट होते. बाहीवर तीन पट्ट्या. फोटो जपून ठेवलाय मी."

नोंद लाल शाईने दुरुस्त केली आहे.

सही: क्लिफर्ड ऑर्मरॉड
आम्हा दोघांसमोर सही झाली: हिल्डा ब्रॅमवेल, शेजारीण, नॉर्मन ब्रॅमवेल, तिचे यजमान
सॅल्फर्ड, ९ मार्च १९९१