दगडावर दोघांचे हात

खाल्किस, द्राक्षतोडणीची पौर्णिमा

ती. निकारेतेताईस,
फिलिन्नाचा सा. न. वि. वि.

ताई, ह्यांनी मला माहेरी परत धाडायचं ठरवलं आहे. मारहाण नाही, दुसरी बाई नाही. म्हणतात, तुझ्याबद्दल मनात काही येतच नाही. खरं सांगू, मलाही ह्यांचं वेड कधीच नव्हतं. पण मूल बापाचं, म्हणून ग्लाउके इथेच राहणार. चार वर्षांची पोर माझ्या कुशीशिवाय झोपत नाही गं. आपल्या एरॉसला माझ्यासाठी कोंबडा दे. प्रेमाचा देव आपल्याच गावचा आणि माझ्या घरी एकदाही फिरकला नाही, हे त्याला ऐकव.

तुझा लोभ तरी आटू देऊ नकोस.
फिलिन्ना

थेस्पिया, त्यानंतरची अमावास्या

चि. फिलिन्नास अनेक आशीर्वाद.

कोंबडा दिला. देवाला चार शब्द सुनावलेही, पण आपल्या त्या ओबडधोबड दगडाला ना नाक ना कान, कुणाशी भांडतेय तेच कळेना. पुजारीणबाई म्हणाल्या, बहिणीचा हात चालत नाही. बिनसलेल्या नवरा-बायकोने दोघांचे हात एकदम दगडावर ठेवून मागायचं असतं. तेव्हा एरॉसच्या उत्सवातल्या कुस्त्यांचं आमिष दाखवून तुझ्या दामोनला घेऊन ये. चणे भाजून ठेवते. रडून येऊ नकोस, आधीच तुझं नाक मोठं.

पोरीला पापा. आमच्यावर माया असू दे.
निकारेते

खाल्किस, उत्सवानंतरचा नववा दिवस

ती. ताईस सा. न. वि. वि.

आम्हा दोघांचे हात दगडावर पाहून तुझे डोळे भरून आले. आमिष लागलंच नव्हतं. दगडाचं नाव काढताच हे आपणहून निघाले. घरी आल्यावर म्हणाले, तळवा दुखेपर्यंत दाबून मनापासून मागितलं, हिच्याबद्दल काहीतरी वाटू दे म्हणून. आठ दिवस वाट पाहिली. काहीच वाटलं नाही. सांगताना लहान मुलासारखे रडले. आता कुणाला दोष देऊ?

ताई, हात माझाही होता. मी पोरीसाठी मागत होते. शेजारी डोळे घट्ट मिटून, ओठ चावत हा माणूस माझ्यासाठी देवाला विनवत होता, आणि मी माझं मागणं विसरून ह्यांच्याकडेच बघत राहिले. तेव्हापासून ह्यांची पावलं वाजली तरी हातातलं काम राहून जातं. सहा वर्षांत असं कधी झालं नव्हतं. ह्यांना सांगितलेलं नाही, सांगणारही नाही.

परवा निघते. ग्लाउकेला मावशीकडे जाऊन येते म्हटलंय. मागे दोघांना सोडून यायचं आहे. मला घरात घे आणि काही विचारू नकोस, एवढा लोभ कर.
फिलिन्ना