अण्णांची हरकत नाही

१२ फेब्रुवारी १९६१, अमरावती. सकाळ.
ठरलं. लग्न रविकांतशी, आणि तेही रजिस्टर. भटजी नाही, बँड नाही, मुहूर्त नाही, आहेर नाही. ग्रंथालयात बसून चोपन्न सालचा विशेष विवाह कायदा वाचून काढला. फार सोपा आहे. एक नोटीस, तीस दिवस, तीन साक्षीदार आणि शेवटी दहा मिनिटं. बी.ए. झालेल्या माणसाला त्यात अवघड काय?
अडचण एकच, आणि नीट विचार केला तर तीही अडचण नाही. अण्णा स्वतःच भटजी आहेत. अर्ध्या अमरावतीची लग्नं त्यांनी लावली. माझंही आपण लावू असं त्यांच्या मनात असेल, ते मी समजू शकते. पण अण्णा विचारी आहेत. मला कॉलेजात घातलं तेव्हा सगळे नातेवाईक उलटले होते, अण्णा हलले नाहीत. घरातली पहिली ग्रॅज्युएट मी झाले ती त्यांच्यामुळे. त्यांना पटेलच.

त्याच दिवशी, जेवणं झाल्यावर.
सांगितलं. अण्णा म्हणाले, "हरकत नाही," आणि ताकाचा गडवा माझ्याकडे सरकवला. आईची पोळी करपली. एकूण चर्चा यशस्वी.

१५ फेब्रुवारी.
कचेरीत जाऊन आले. विवाह नोंदणीचं टेबल खुशालराव नावाच्या कारकुनांकडे आहे. फॉर्मवर 'मध्यप्रदेश' छापलेलं, ते खोडून 'मुंबई राज्य', ते खोडून शाईने 'महाराष्ट्र'. मी म्हटलं, हा जुना आहे. ते म्हणाले, बाई, राज्य दोनदा बदललं पण फॉर्मांचा गठ्ठा संपला नाही, एवढीच लग्नं होतात इथं.
मग विचारलं, नवरदेव कुठे आहेत? दोघांच्याही सह्या लागतात म्हणे. हे कलम मी घाईत वाचलं असावं. शिवाय वयाचा दाखला, आणि इथे तीस दिवस राहत असल्याचा दाखला. म्हटलं, मी जन्मापासून इथेच राहते. म्हणाले, त्याचा कागद आणा.
आजची फेरी तशी पाहणीसाठीच होती.

२० फेब्रुवारी.
रविकांत अर्ध्या दिवसाची रजा काढून अकोल्याहून आले. हायस्कुलात गणित शिकवतात, त्यामुळे कागद अगदी व्यवस्थित लावून आणले होते. त्यातूनच घोटाळा निघाला. पुढे नोकरीची वर्षं जास्त मिळावीत म्हणून त्यांच्या मास्तरांनी शाळेत नाव घालतानाच वय दोन वर्षांनी कमी लिहिलं होतं. खुशालरावांनी दोन्ही दाखले शेजारी धरले आणि सगळ्या खोलीला ऐकू जाईल असं म्हणाले, "नवरदेव लहान आहे!" मी म्हटलं, एकवीस पूर्ण आहेत, कायदा त्यापुढे विचारत नाही. रविकांत बाहेर आल्यावर म्हणाले, अकोल्यात आईला हे सांगायला नको.
नोटीस दाखल. लग्नाची तारीख मी मनात २७ मार्च धरली आहे. पंचांग न बघता.

२१ फेब्रुवारी.
नोटीस कचेरीच्या फळ्यावर लागली. माझ्या वरती कर थकवलेल्यांची यादी आणि खाली कोंडवाड्यातल्या दोन बेवारशी म्हशींचा लिलाव. लोक म्हशींपाशी थांबतात, मग नजर वर जाते. अशाने प्रचार चांगला होतो.
शेजारच्या पार्वताबाई दूध घालायला आल्या त्या भांडं खाली ठेवायच्या आतच म्हणाल्या, "सरू, तुयं नाव कचेरीच्या फळीवर लागलं म्हन्ते? आमच्या मामंजीचं लागलं होतं तवा वावर गेलं होतं. तुयं काय गेलं वं?"
शांतपणे समजावलं. त्या म्हणाल्या, "पोरगं जातीचं. पत्रिका जुयते. बाप घरचाच भटजी. मंग कचेरीत कायले? काई भानगड हाय का?"
म्हटलं, भानगड नाही पार्वताबाई, तत्त्व आहे.
त्यांनी आवाज खाली आणून विचारलं, "कितवा महिना?"
अशिक्षितांमध्ये काम करायला धीर हवा. उद्यापासून पार्वताबाईंना रोज थोडं थोडं समजावून सांगायचं.

६ मार्च.
बडनेऱ्याच्या यजमानांनी मुलीच्या लग्नाला दुसरे भटजी ठरवले. अण्णांना म्हणाले, शास्त्रीबुवा, तुमचे मंत्र तुमच्याच घरी चालत नाहीत, मग आमच्या पोरीले कसे लागू पडतील? म्हणजे मंत्रांनी काय साधतं हा प्रश्न आता लोक आपणहून विचारू लागले आहेत. एका नोटिशीचा केवढा परिणाम!
अण्णा दुपारभर ओसरीवर पंचांग मांडीवर घेऊन बसले होते. पान उलटलेलं दिसलं नाही. लग्नसराईत त्यांना विश्रांती अशी कधी मिळतच नाही.
पार्वताबाईंना आज समजावलं नाही. डोकं दुखत होतं.

८ मार्च.
रविकांतचं पत्र. 'तू म्हणशील तसं' हे वाक्य चार वेळा आहे. विचारांची इतकी एकरूपता विरळा. त्यांच्या आईंनी फक्त एवढंच म्हटलंय की लग्नानंतर अकोल्यात लोकांना चहा द्यावा. चहा तत्त्वात बसतो. होकार कळवला.

१० मार्च.
अण्णांनी आपणहून विषय काढला. सुपारी कातरत विचारलं, तुझ्या त्या लग्नात मुलीच्या बापाचं काम काय असतं?
मी सगळी कलमं डोळ्यांपुढे आणली. खोटं बोलायचं नाही हा माझा नियम. म्हटलं, काही नसतं अण्णा. फक्त हरकत असेल तर तीस दिवसांत कचेरीत द्यायची.
"तोंडी?"
"नाही, लेखी."
"एवढंच?"
"एवढंच."
"बरं," म्हणाले.
कायदा समजून घेण्याची त्यांची उत्सुकता पाहून बरं वाटलं. आई मात्र उगाचच आत निघून गेली.

१६ मार्च.
अकोल्याहून पत्र. चहाबरोबर चिवडा, आणि कोरडा चिवडा बरा दिसत नाही म्हणून बुंदी. होकार कळवला. बुंदीविरुद्ध माझ्याकडे तात्त्विक मुद्दा नव्हता.

२३ मार्च.
मुदत संपली. तारीख पक्की करायला ऐटीत गेले. खुशालरावांनी चष्मा पुसला आणि म्हणाले, बाई, हरकत आली आहे.
कोणाची? ते सांगता येत नाही, साहेब नांदगाव खंडेश्वरला दौऱ्यावर आहेत, कागद त्यांच्या कपाटात.
पार्वताबाई असणार. नाहीतर अकोल्याच्या सासूबाई. चहावर तेवढ्यासाठीच जोर असावा, माझं लक्ष दुसरीकडे वळवायला. रविकांतना सडेतोड पत्र टाकलं. संध्याकाळी पार्वताबाईंकडून दूध न बोलता घेतलं. त्यांनी विचारलं, "तोंड काहून फुगलं वं?" भांडं घेऊन आत आले.

२४ मार्च, दुपार.
पुन्हा गेले. खुशालरावांना दया आली. आवक वहीत बोट ठेवून नाव दाखवलं.
अण्णांचं नाव आहे.
कायदेशीरदृष्ट्या काळजीचं कारण नाही. कलम चारमधल्या अटींपैकी एकही मोडत नाही. बापाला लग्न आवडत नाही ही कायद्यात हरकत होऊच शकत नाही. साहेब ती एका मिनिटात फेटाळतील.
ऊन फार आहे. जेवण गेलं नाही. अण्णांनी विचारलं, ताक देऊ का? म्हटलं, नको. ते थोडा वेळ गडवा हातात घेऊन उभे होते.
एकदाही ओरडले असते तर बरं झालं असतं.

२६ मार्च.
अण्णा लग्नाला आले काय, न आले काय, कायद्याने फरक पडत नाही. त्यांनी स्वतः रांगेत उभं राहून, माझा फॉर्म भरून मला कॉलेजात प्रवेश मिळवून दिला होता, त्याचा इथे संबंध नाही. इतकं लिहून ठेवते.

२७ मार्च.
आज माझं लग्न व्हायचं होतं. त्याऐवजी साहेब दौऱ्यावरून परतले आणि हरकत वाचायला मिळाली. जशीच्या तशी उतरवते.
'श्री. शके १८८२, फाल्गुन वद्य. विषय: हरकत. वरील विवाहास वधूपिता या नात्याने माझी कोणतीही हरकत नाही. उभयतांस दीर्घायुष्य चिंतितो. लेखी द्यावे असा नियम असल्याचे मुलीने सांगितल्यावरून लेखी देत आहे.'
मी खुशालरावांना म्हटलं, अहो, यात तर हरकत नाही असं लिहिलंय! ते म्हणाले, पण विषय हरकत आहे ना? हरकतीच्या फाइलला लागली, नंबर पडला. आता चौकशी झाल्याशिवाय निघत नाही.
घरी येऊन विचारलं, अण्णा, हे कशाला केलंत? ते म्हणाले, "बापाला तेवढं एकच काम आहे म्हणालीस ना? ते केलं."
मसुदा मी करून दिला असता तर ही वेळ आली नसती. चूक वाक्यरचनेची आहे. बाकी सगळं योजनेप्रमाणे चाललं आहे.
ताक दोन भांडी प्याले. रविकांतना दिलगिरीचं पत्र. पार्वताबाईंना दूध चांगलं असल्याचं सांगितलं. त्या म्हणाल्या, "म्हशीले सांगतो."

५ एप्रिल.
चौकशी झाली. साहेबांनी विचारलं, शास्त्रीबुवा, तुमची हरकत काय? अण्णा म्हणाले, हरकत नाही. मग अर्ज कशाला? हरकत नाही हे सांगायला. साहेब म्हणाले, हरकत नसली की काही लिहायचंच नसतं. अण्णा म्हणाले, म्हणजे ज्याला राग आलाय त्यालाच बोलता येतं? साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मी फळ्याकडे पाहिलं.
हरकत निकाली. साहेबांनी सहज, मानाने विचारलं, कोणती तारीख बरी, बुवा? अण्णा हात जोडून म्हणाले, "ते मला विचारू नका. मुलीचं तत्त्व आहे." साहेबांनी मग २४ एप्रिल लिहिली.
परतताना मी म्हटलं, अण्णा, तुम्ही यायचं हं. ते म्हणाले, "मी तिथं येऊन करू काय?" याला उत्तर तयार करायचं आहे.

१५ एप्रिल.
साक्षीदार तीन. माझे एकाहून एक प्रागतिक मित्र असल्यामुळे हा भाग शेवटी ठेवला होता. 'विवाहसंस्था आणि क्रांती' यावर आम्हाला व्याख्यान देणारे प्रोफेसर त्या दिवशी पेपर तपासायला नागपूरला चाललेत. डिबेटमधली माझी जोडीदार तारा, तिच्या सासूबाईंना हे आवडणार नाही. फक्त सुरैय्या खंबीर. म्हणाली, "मैं आती ना! तुमचं काम कसं अडून राहील? मात्र दहा मिनिटांसाठी नवी साडी नेसणार नाही, आधीच सांगते." रविकांत शाळेतल्या एकांना आणणार आहेत. झाले दोन.
अण्णांना विचारणार नाही. भटजीला रजिस्टर लग्नावर साक्ष द्यायला लावणं बरं नाही. अजून यजमान परतलेले नाहीत.
अकोल्याच्या चहाची आता पंगत झाली आहे. दोनशे पानं. होकार कळवला.

२४ एप्रिल, संध्याकाळ.
झालं.
तिसरा साक्षीदार शेवटपर्यंत नव्हता. पार्वताबाई आईबरोबर 'पाहाले' म्हणून आल्या होत्या. अडचण कळल्यावर पुढे झाल्या आणि खुशालरावांना विचारलं, "आंगठा चालते का?" चालतो. मी कायदा दोनदा वाचला होता, तरी हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. आई आली, सुरैय्या नवी साडी नेसून आली. अण्णाही आले, पण आत आले नाहीत. दाराबाहेर बाकावर उपरणं सावरून बसले. लग्नघरात असं बिनकामाचं बसलेलं मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं.
रविकांतनी आपलं वाक्य एका दमात म्हटलं. मग माझी पाळी. सोपं वाक्य आहे: मी सरोजिनी, रविकांत यांना माझे कायदेशीर पती म्हणून स्वीकारते. मी म्हटलं, मी सरोजिनी, यांना माझे...
साहेब म्हणाले, यांना कोणाला? नाव स्पष्ट हवं.
पुन्हा सुरुवात केली. पुन्हा 'यांना' आलं. या वहीत मी ते नाव शेकडो वेळा लिहिलं असेल, पण सगळ्यांसमोर, आईसमोर, त्यांच्या तोंडावर म्हणायचं म्हटलं की 'यांना'च्या पुढे गाडी सरकत नाही. साहेबांनी घड्याळ पाहिलं. पार्वताबाई म्हणाल्या, "घे नं वं नाव! फळीवर लावताना लाजली नाही, आता कायले लाजते?" त्याने आणखीच बिघडलं. खुशालराव म्हणाले, नाव आलं नाही तर लग्न होत नाही, पुढची तारीख घ्यावी लागेल. रविकांतनी मान खाली घातली. कानापर्यंत लाल झाले होते.
तेव्हा दारातून आवाज आला. अण्णा उंबऱ्यापाशी येऊन उभे होते. लहान मुलीला शिकवावं तसं सावकाश म्हणाले, "म्हण बाळ. मी सरोजिनी."
मी म्हटलं, मी सरोजिनी.
"रविकांत यांना."
आणि काय सांगू, आलं. अण्णांच्या मागून एकेक शब्द म्हणत गेले. 'कायदेशीर'सुद्धा त्यांनी असं लांबवून सांगितलं की आईने नकळत हात जोडले. शेवटचा शब्द झाल्यावर अण्णांनी सवयीने मूठ उघडून माझ्या डोक्यावर हात झटकला. मुठीत काही नव्हतं. माझ्या डोळ्यांत फळ्यावरची धूळ गेली असावी.
मग सह्या, आंगठा, शिक्का.
म्हणजे माझं लग्न शेवटी भटजींनीच लावलं. यावर सविस्तर विचार करायचा आहे. कायद्याच्या दृष्टीने ती केवळ मदत होती.
पण इथेच संपलं नाही. बाहेर वरूडकडचं एक जोडपं नंबर लावून बसलं होतं. नवरदेवाच्या तोंडून शब्द फुटेना. साहेबांनीच उठून विचारलं, शास्त्रीबुवा, जरा थांबता का? अण्णा थांबले. खुशालराव म्हणाले, पुढच्या बुधवारीही एक आहे. अण्णांनी विचारलं, किती वाजता?
आम्ही घरी आलो. सुरैय्या आणि पार्वताबाई चहा पिऊन गेल्या. रविकांत ओसरीवर बसले आहेत. आई म्हणते, पानं घेऊ का? पण जावयाला अण्णांशिवाय जेवायला कसं बसवायचं? आणि अण्णा अजून कचेरीतच आहेत.