पुरणपोळीची अब्रूनुकसानी

शारजा

ती. अक्का,

इथूनच वाकून नमस्कार (गुडघा परवानगी देईल तितका). हे पत्र मिहिकाच्या ईमेलवर पाठवतोय, लेकीला प्रिंट काढून द्यायला सांग. तुझी शुगर ताब्यात असेल आणि दाजी मिक्सरच्या आवाजावरून अजून रागावत असतील, असं धरून चालतो. मी मजेत आहे. फक्त परवा वकिलाकडे जाऊन आलो.

घाबरू नकोस. गुन्हेगार मी नव्हतो, निदान जाताना तरी. झालं असं, की आमच्या बिल्डिंगमधल्या मराठी मंडळींनी होळीला अंगतपंगत केली (प्रत्येकाने एक पदार्थ आणायचा, तोही घरी केलेला, असा नियमच आहे). तुझी भावजय गेल्यापासून पहिल्यांदाच मी तिचं पुरणयंत्र काढलं, दोनदा उलटं बसवलं आणि पोळ्या करून नेल्या. सगळ्या संपल्या. दुसऱ्या दिवशी चौथ्या मजल्यावरच्या हेमावहिनींनी बिल्डिंगच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर लिहिलं, की मधूभाऊंच्या पोळ्या दुकानातल्या होत्या, इतक्या एकसारख्या घरी होतातच कशा! खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग.

माझं डोकंच फिरलं. मी तिथल्या तिथे सहा मिनिटांची व्हॉइस नोट टाकली. डाळ भिजवण्यापासून सगळं सांगितलं, तुझी भावजय असताना सण कसा व्हायचा तेही सांगितलं आणि शेवटी वहिनींना खोटारड्या म्हणालो (त्यांच्या आमटीबद्दलही बोललो, ते टाळायला हवं होतं). मग अब्रूनुकसानीचा दावा लावायला निघालो. वकिलाची पहिली भेट फुकट होती.

उमैमा नावाच्या वकीलबाई, आपल्या मिहिकाच्या वयाच्या. त्या म्हणाल्या, नुकसानभरपाई हवी तर हा मेसेज वाचून तुमच्याशी कोणी बोलणं तोडलं ते दाखवा. मी खूप आठवून पाहिलं. पण तोडायला बोलणं आधी असावं लागतं, अक्का. ऑफिस, ट्रॅफिक, लिफ्टमध्ये एक हॅलो, की दिवस संपला.

मग त्यांनी माझी नोट ऐकली आणि त्यांचा चेहरा बदलला. इथे ग्रुपवर कोणाला खोटारडं म्हणणं हाच गुन्हा ठरू शकतो, खरं बोललो म्हणून सुटका होईलच असं नाही. वहिनींनी तक्रार केली तर दंड, आणि फारच ताणलं तर मायदेशी रवानगी. बाईंनी माझा फोन घेतला, नोट कोणी कोणी ऐकली ते तपासलं आणि हसल्या.

"मुबारक हो अंकल, किसीने सुनी ही नहीं. डिलीट कीजिए, खलास."

वाचलो, आणि टॅक्सीत बसून रडलो. दुकानातल्या पोळ्या म्हटल्यावरही इतकं लागलं नव्हतं. एवढी मोठी बिल्डिंग, एकालाही सहा मिनिटं नव्हती.

दाजींना नमस्कार, मिहिकाला आशीर्वाद.

तुझा,
मधू

ता. क. हेमावहिनींवर आता राग नाही. दिवाळीनंतर त्या ग्रुपवर माझं नाव पहिल्यांदा घेतलं ते त्यांनीच.

आणखी एक ता. क. खरं काम हे. डिलीट करायच्या आधी ती नोट मी तुला पाठवली आहे. ऐकशील? सवड नसेल तर फोन ओट्यावर ठेवून नुसती सुरू कर आणि खुशाल कुकर लाव. तिकडे लावली की इकडे माइकचं चिन्ह निळं होतं. तेवढं मला पुरे.