खोलीत माणसं : शून्य

२ नोव्हेंबर २००९
लागली बाबा नोकरी! गडमुडशिंगीहून गाडीवर वीस मिनिटं, काचेची पाच मजली बिल्डिंग. लिफ्ट, एसी, दारांची कार्डं, धुराचे सेन्सर, सगळ्यांची यंत्रं वेगवेगळ्या कंपन्यांची, एकाचा दुसऱ्याला पत्ता नाही. ती सगळी एका स्क्रीनवर आणायची, हे माझं काम. आई गल्लीभर सांगत सुटलीय, आमचा प्रसेनजीत बिल्डिंगला अक्कल शिकवतो म्हणून.

११ नोव्हेंबर
जमलं की! कार्ड घासलं की बिल्डिंगला कळतं, कुठल्या खोलीत किती माणसं. खोली रिकामी झाली की दिवे, एसी बंद. रेकॉर्ड रूमला आग विझवणारा गॅस आहे. त्यात माणूस गुदमरतो, म्हणून नियम लिहिला : धूर दिसला की दार लागेल, पण गॅस माणसं शून्य असली तरच सुटेल. झाडलोट करणाऱ्या उचगावच्या बयामावशी स्क्रीन बघत उभ्या होत्या. म्हणाल्या, "ह्यात मी कुठं हाय रं?"
मी हसलो. मावशींना कार्डच नाही, वॉचमन गुंडू किल्लीनं दार उघडून देतो.

१३ नोव्हेंबर
मॅनेजर हंबीररावसाहेबांकडे मावशींसाठी कार्ड मागितलं. कंत्राटी बाईला कार्ड कशाला, म्हणाले. मी मान डोलावून परत आलो. नंदीबैल मेला मी.

२ डिसेंबर
मावशी गेल्या. रेकॉर्ड रूममध्ये जुन्या फायली झटकत होत्या. धूळ उडाली, सेन्सरला धूर वाटला. स्क्रीनवर माणसं शून्य. दार लागलं, गॅस सुटला. नियम माझा.
साहेब म्हणतात, हार्ट अटॅक. अरे हलकटा, दाराला आतून नखांचे ओरखडे आहेत!

५ डिसेंबर
रेकॉर्ड रूमला कुलूप आहे. तरी अकराला स्क्रीनवर आलं, माणसं : १. बाराला गेलं. कार्ड कुणीच घासलेलं नाही. मावशींची झाडायची वेळ हीच.

९ डिसेंबर
रोज येतंय. अकरा ते बारा. जित्ती होती तवा शून्य, आणि मेल्यावर मोजता व्हय रे तिला?
साहेबांना हाताला धरून आणून दाखवलं. सॉफ्टवेअरची चूक, म्हणाले. पोलिसांत जातो म्हणालो, तर तासाभरात माझं कार्ड बंद. गॅसची नळकांडी मात्र परत भरलेली नाहीत म्हणून साहेबांनी सगळ्यांना सांगितलंय.

१४ डिसेंबर
मावशींचा तेरावा. माझं सामान न्यायला आलतो. गुंडूला म्हटलं, रेकॉर्ड रूम पाच मिनिटं उघड. त्यानं किल्लीनं उघडलं, मावशींना द्यायचा तसंच. अगरबत्ती लावून बसलोय. पावणेबारा. दाराजवळच्या छोट्या स्क्रीनवर १. माझं कार्ड बंद आहे. तो एक मी नाही.
मावशी, माफ करा —

घंटा. धूर — अगरबत्तीचा. विझवली, तरी थांबेना. दार लागलं. गुंडूची किल्ली चालत नाही.
नळकांड्यांचे काटे बघितले. भरलेली आहेत. खोटारडे, सगळे खोटारडे —

पण गॅस सुटत नाही. १ आहे म्हणून. मावशी आहेत म्हणून.

११.५५. गुंडू पहार आणायला पळालाय.

११.५८. मावशी बाराला जातात —

११.५९. मावशी, आज झाडू इतक्यात ठेवू नका. पाया पडतो. गुंडू आलाच बघा, पहार वाजतीय, थांबा, एकच मि