‘तिला’ आणि ‘तिचं’

दि. ९ नोव्हेंबर

प्रिय दादा,

साष्टांग नमस्कार लिहायची पद्धत आहे, पण खाली वाकलं की घर माझ्याभोवती फेर धरतं. तेव्हा दाराची चौकट धरून, उभ्यानेच नमस्कार. इकडे सर्व ठीक. धडपडले तेव्हा गॅलरीतली कुंडी फुटली, रोप मात्र जगलं. वहिनीची पाठ कशी आहे?

तुझं पत्र मिळालं. शुद्धलेखनाच्या चुका लाल पेनाने दुरुस्त करून ठेवल्या आहेत. ‘या वयात हे शोभतं का? पोरीच्या लग्नाला न आलीस तर उपकार होतील.’ वाचून अंगाचा तिळपापड झाला. मी केलं काय, हेच आधी कळेना.

शेवटी खालच्या मजल्यावरच्या बाईंना गाठलं. वहिनीशी फोनवर त्याच बोलल्या होत्या. बिचाऱ्या रडकुंडीला आल्या. “अहो, मी एवढंच म्हणाले, की तिला चक्कर आहे, छापखान्यातले ते गृहस्थ हाताला धरून दवाखान्यात नेतात-आणतात.”

‘तिला चक्कर आहे.’ तुमच्या घरी पोचेपर्यंत त्याचं झालं, ‘तिचं चक्कर आहे.’ एका ‘ला’चा ‘चं’ झाला आणि माझ्या अब्रूचं खोबरं! जन्मभर मुद्रितं तपासली रे मी. लोकांच्या पुस्तकांतले असले दोष वेचून काढले, आणि माझ्याच बाबतीत तुम्ही ते न तपासता छापून मोकळे झालात. एक फोन करायला काय धाड भरली होती?

ते गृहस्थ मूळ प्रत मोठ्याने वाचतात आणि मी समोरच्या मुद्रितावर खुणा करते. छापखान्यात त्यांना माझे जोडीदार म्हणतात. (हा शब्द वहिनीच्या कानावर घालू नकोस.) नातवंडं आहेत त्यांना. गुडघे असे वाजतात, की आम्ही रस्त्याने निघालो की कोण कोणाला धरतंय, ते बघणाऱ्याला कळत नाही.

आणि हो, माझा चेहरा गोल झालाय, गाल लाल आहेत, भूक राक्षसासारखी लागते, सकाळी उलट्या होतात. बाईंनी फोनवर हेही सांगितलं होतं. एवढ्यावरून वहिनीने काय ताडलं असेल, ते न सांगता समजलं मला. लाजा नाही वाटल्या? बावन्न वर्षांची आहे मी! तो चेहरा आणि ती भूक स्टेरॉइडच्या गोळ्यांची. उलट्या चक्करेच्या. आतल्या कानात पाणी साठतं आणि तोल सांभाळणारं सगळंच बिनसतं. पहिल्या डॉक्टरांनी ‘वयोमान’ म्हणून माझी बोळवण केली होती, तेव्हाही असाच संताप आला होता. पण ते परके होते.

गोळ्यांनी भागेना, म्हणून आता स्टेरॉइडची सुई थेट कानातच देतात, पडद्याच्या पार. आधी बधिर करतात, मग कूस बदलून पडून राहायचं. गिळायचं नाही, बोलायचं नाही. गार औषध आत उतरताना सगळी खोली गरकन फिरते. तू आयुष्यभर माझे कान टोचलेस दादा, पण इतक्या आत तुझं काही पोचलं नव्हतं. ते हसून जोडीदारांना सांगावं म्हणून बाहेर आले, तर ते बाकावर घोरत होते.

चक्कर बरीच कमी आहे. ऐकण्याचं पुढे कधीतरी लिहीन.

पुढे कशाला, आताच लिहिते. परवा भाचीचा फोन आला. सवयीने डाव्या कानाला लावला. तिची सगळी गुपितं त्याच कानात सांगितलेली, लहानपणी मांडीवर चढून, थुंकी उडवत. मी “बोल गं” म्हणत राहिले. पलीकडे काहीच नाही. लाइन कटली म्हणून ठेवणार होते, तेवढ्यात उजवीकडे धरला, तर पोरगी रडत होती. “आत्या, बोल ना गं! बाबा म्हणतात, तुलाच यायचं नाहीये.”

मलाच यायचं नाहीये? हे कोणी ठरवलं? मला नको म्हणालास तो एक राग. पण तिच्याशी खोटं बोललास, तेही माझ्या नावाने! हे मी विसरणार नाही.

डावा कान गेला, दादा. डॉक्टर म्हणाले, आता तो परत येईल अशी आशा धरू नका. उजव्यातही मधूनमधून शिट्टी वाजते. त्याची हमी ते देत नाहीत. मला भीती वाटते. छापखान्यात खुर्ची फिरवून घेतली, तिथलं भागेल. पण त्या पोरीचा आवाज पुढच्या वर्षी मला ऐकू येईल का, ते कोणालाच माहीत नाही. म्हणून मी लग्नाला येणार आहे. विचारत नाही, कळवते आहे. तिलाही तेच सांगितलं, आणि कोणाचा हात धरून का चालते तेही.

मला तिच्या डाव्या हाताला उभी कर, म्हणजे माझा उजवा कान तिच्याकडे राहील. तू माझ्या डावीकडे उभा राहा. तिथून मला शोभतं-न शोभतं ते खुशाल म्हण, अगदी मोठ्याने म्हण.

माफी मागायची असेल, तर मात्र फिरून उजवीकडे यावं लागेल. लवकर ये.

तुझी,
ठमी