होनोरा, वय आठ

प्रिय डिलियामावशी,

तुझी आई बोस्टनहून इकडे आयर्लंडला मरेपर्यंत पत्रं लिहीत राहिली. घरच्यांनी एकाचंही उत्तर का दिलं नाही, हे तू मला शोधायला सांगितलंस. १९०१च्या जनगणनेत ती सापडली: होनोरा, वय सतरा. पुढच्या वर्षी ती बोस्टनला गेली. १९११लाही त्याच घरात होनोरा आहे, वय आठ. ती तिची धाकटी बहीण, माझी आजी.

गावचा इतिहास लिहिणारे मलाकी मास्तर म्हणाले, "अमेरिकेला निघालेल्या पोरीला आदल्या रात्रीच मयतासारखं रडून घ्यायचे, बाई. परत कोण येतंय? आणि गेलेल्या लेकराचं नाव पुढच्याला द्यायची रीतच होती."

माझं नाव पहिल्यांदा ऐकून तू म्हणाली होतीस, "म्हणजे घरी तिची आठवण होती तर."

हे पत्र मी टपालात टाकणार नाही. फोनवर सांगेन, काही सापडलं नाही.

तुझी,
होनोरा